घरामागच्या अंगणातलं लग्न आणि त्या दिवसापुरती कोऑर्डिनेटर : ८० पाहुण्यांच्या कार्याचा प्रकरण अभ्यास

मुलीच्या आईवडिलांच्या घरामागे २५ मीटर लांब आणि १८ मीटर रुंद मोकळी जागा आहे. लग्न तिथेच करायचं ठरलं. पाहुणे ८०, विधी संध्याकाळी ५ वाजता, सूर्यास्त ६.५० ला, संगीत रात्री १० ला बंद. मंडपवाला, केटरर, साउंडवाला, फोटोग्राफर आणि फुलांची सजावट करणारे घरच्यांनी स्वतःच ठरवले आणि त्यांना आगाऊ रकमाही दिल्या. लग्नाला सहा आठवडे उरले असताना प्रश्न उभा राहिला : त्या दिवशी सकाळी सामानाची गाडी दारात आली, तर ती कुठे लावायची हे सांगायला कोण मोकळं असेल? मुलगी मेकअपच्या खुर्चीत, आई तयारीत, वडील पाहुण्यांना आणायला गेलेले. म्हणून फक्त त्या दिवसापुरती कोऑर्डिनेटर नेमायची ठरली.

हे प्रकरण कुणा एका कुटुंबाचं नाही. घरगुती लग्नांत पुन्हा पुन्हा समोर येणाऱ्या अडचणी एकाच कार्यात गुंफून इथे मांडल्या आहेत, म्हणजे नेमणुकीपासून आवराआवरीपर्यंतचा सगळा हिशेब सलग दिसेल.

नेमणूक नेमकी कशासाठी

हॉलमध्ये लग्न असलं की हॉलचा मॅनेजर असतो. फ्यूज कुठे आहे, पाण्याचा कॉक कोणता, गाड्या कुठे लागतात, पाऊस आला तर खुर्च्या कुठे हलवायच्या, हे सगळं त्याला पाठ असतं. ते काम तो करतो आहे हे यजमानांच्या लक्षातही येत नाही. अंगणातल्या लग्नात ही जागा रिकामी असते आणि कुणाला नेमलं नाही तर ती आपोआप घरातल्या बाईच्या अंगावर पडते. अशा लग्नाची कोऑर्डिनेटर म्हणजे आधी जागेची मॅनेजर आणि मग कार्यक्रमाची सूत्रधार. बहुतेक घरं हा क्रम उलटा धरतात. मग मुलाखतीत रंगसंगतीवर अर्धा तास बोलणं होतं आणि विजेच्या मीटरबद्दल कुणी अवाक्षर काढत नाही.

दुसरा घोळ ‘एका दिवसापुरती’ या शब्दांचा. लग्नाच्या सकाळी पहिल्यांदा दारात येणारी व्यक्ती फार तर निरोप पोचवू शकते. काम चोख व्हायचं तर तिने किमान चार आठवडे आधी सूत्रं हातात घ्यायला हवीत : सगळ्यांचे करार वाचायचे, प्रत्येकाला फोन करून वेळा पक्क्या करायच्या, जागा पाहायची, वेळापत्रक लिहायचं, आदल्या दिवशी विधीची तालीम घ्यायची. कुटुंबाने पूर्ण नियोजन करणारी व्यक्ती नेमली नव्हती आणि त्याची गरजही नव्हती, कारण निवडीचं सगळं काम झालेलं होतं. उरलं होतं ते जुळवणीचं काम.

तीन मुलाखती

पहिल्या उमेदवार म्हणाल्या, “तुम्ही काही काळजी करू नका, सगळं आम्ही बघू.” सजावटीचे सुंदर फोटो दाखवले. जागा आधी बघायला येणार का, यावर उत्तर आलं की फोटो पाठवले तरी चालेल. त्याच दिवशी सकाळी त्यांच्याकडे आणखी एक कार्य होतं.

दुसऱ्या उमेदवारांचं काम नीटनेटकं होतं. त्यांनी दाखवलेलं नमुना वेळापत्रक पाच-पाच मिनिटांच्या टप्प्यांत लिहिलेलं आणि वाचायला सोपं होतं. पण त्यांची सगळी कामं हॉलमधली आणि त्या एकट्याच येणार होत्या. ८० पाहुण्यांसाठी एक माणूस पुरत नाही. विधी सुरू होताना एक जण वधूजवळ आणि एक जण साउंडजवळ लागतो, आणि त्याच वेळी फाटकावर उशिरा आलेल्या पाहुण्यांनाही कुणीतरी मागच्या रांगेत बसवायचं असतं. साधारण ५० पाहुण्यांच्या वर संख्या गेली की कोऑर्डिनेटरबरोबर निदान एक मदतनीस हवाच.

तिसऱ्या उमेदवारांनी बसल्या बसल्या विचारलं, “मागच्या बाजूला जायचं फाटक किती रुंद आहे? सांडपाणी गटारात जातं की सेप्टिक टाकीत? बाहेरचे प्लग कोणत्या सर्किटवर आहेत?” घरच्यांना तिन्ही उत्तरं माहीत नव्हती. निवड तिथेच झाली, आणि ती बरोबर होती, जरी त्यांनी अंगणातली लग्नं मोजकीच केलेली होती.

मुलाखतीत उपयोगी पडणारा एक प्रश्न असा : “मागे कधी पाऊस आला तेव्हा जागा बदलायचा निर्णय कोणी घेतला आणि किती वाजता?” ज्यांनी हे खरंच निभावलं आहे, त्यांच्या उत्तरात घड्याळाची वेळ येते. नुसतं ‘आम्ही सांभाळून घेतलं’ असं उत्तर आलं तर पुढे खोदून विचारावं. आधीच्या यजमानांना फोन करतानाही ‘त्या चांगल्या होत्या का’ असं विचारून काही कळत नाही, कारण सगळे चांगलंच सांगतात. ‘लग्नाच्या दिवशी तुम्हाला स्वतःला किती जणांनी काही विचारलं?’ हा प्रश्न विचारला की चित्र स्पष्ट होतं.

करारात काय लिहिलं

पहिल्या मसुद्यात १० तास लिहिले होते, दुपारी १२ ते रात्री १०. हा आकडा सगळीकडे दिसतो आणि अंगणातल्या लग्नाला तो पुरत नाही. जनरेटर सकाळी ९ ला येणार होता, संगीत १० ला थांबणार होतं आणि आवराआवर साडेअकरापर्यंत चालणार होती. म्हणजे साडेचौदा तास. तोडगा असा निघाला : मदतनीस सकाळी ९ ते संध्याकाळी ७, कोऑर्डिनेटर दुपारी दीड ते रात्री साडेअकरा. दोघींचे तास दहा-दहाच राहिले, आणि दीड ते सात या सगळ्यात गर्दीच्या वेळात दोघी हजर. जास्तीच्या वेळेचा दर अर्ध्या तासाप्रमाणे लिहिला आणि त्याला संमती कोणी द्यायची तेही लिहिलं : वधूचे वडील, दुसरं कोणी नाही.

काय करणार नाही याची यादीही तितकीच मोलाची. जड सामान उचलणं, जेवण वाढणं, भांडी, लहान मुलांना सांभाळणं, गाडी चालवणं ही कामं कराराबाहेर होती. यजमानांना हे वाचून थोडं वाईट वाटतं, पण त्यामुळेच ही कामं कोण करणार हा प्रश्न कागदावर येतो. आजारी पडल्यास बदली कोण येईल, त्या बदलीला वेळापत्रक आधीच दिलेलं असेल का, हेही लिहून घेतलं. पैसे दोन टप्प्यांत दिले, नेमणुकीच्या वेळी आणि लग्नाच्या दोन आठवडे आधी. लग्नाच्या रात्री कुणी नोटा मोजत उभं राहू नये.

सगळ्यात जास्त वेळ गेला तो निर्णयाच्या अधिकारावर. तीन पायऱ्या ठरल्या. वेळ पाच-दहा मिनिटं मागेपुढे करणं, खुर्च्यांची जागा, कामगारांची जेवणं : कोऑर्डिनेटर कुणालाही न विचारता ठरवतील. विधी मंडपात हलवणं किंवा कार्यक्रमातला एखादा भाग गाळणं : वधूला एकदा विचारतील, पाच मिनिटांत उत्तर मिळालं नाही तर स्वतः ठरवतील. नव्याने पैसे खर्च होणार असतील तर : वडिलांनी आधी दिलेल्या पाकिटातल्या रकमेपर्यंत मुभा, त्यापुढे वडिलांना विचारायचं. हा परिच्छेद करारात नसेल तर चांगली कोऑर्डिनेटरही दिवसभर घरच्यांना शोधत फिरते, आणि मग तिला नेमून उपयोग काय?

करारावर सही झाल्यावर वधूने सगळ्या पुरवठादारांना एक छोटा मेल पाठवला : अमुक तारखेपासून वेळ, जागा आणि सामान याबाबत यांच्याशीच बोलावं. मेल गेला नाही तर मंडपवाला सवयीने वडिलांनाच फोन करत राहतो. घराच्या विम्याचे कागदही याच आठवड्यात पाहिले. घराच्या नेहमीच्या विम्यात भाड्याने आणलेला मंडप किंवा पाहुण्याला झालेली इजा धरलेली असेलच असं नसतं, त्यामुळे विमा कंपनीकडून लेखी उत्तर घेतलेलं बरं. आवाजाची वेळ, रस्त्यावर गाड्या लावणं आणि मोठा मंडप यांना स्थानिक परवानगी लागते का, ही चौकशीही तेव्हाच झाली.

जागेची पाहणी

या प्रकरणातलं सर्वात किमती काम पाहणीच्या दोन तासांत झालं. लग्नाला चार आठवडे होते. कोऑर्डिनेटर मोजपट्टी आणि मास्किंग टेप घेऊन आल्या, आणि मंडपवाल्यालाही त्याच वेळी बोलावलं.

फाटक १०५ सेंटीमीटर रुंद निघालं. केटररच्या चाकांच्या कपाटाची रुंदी ८० सेंटीमीटर, म्हणजे जाईल असं सगळे म्हणाले. पण फाटकातून तीन पावलं आत गेलं की भिंतीवर एसीचं बाहेरचं युनिट ३५ सेंटीमीटर पुढे आलेलं होतं. खरी वाट उरली ७० सेंटीमीटर. गोल टेबलं कडेवर उभी करून नेता आली असती, खुर्च्याही गेल्या असत्या, कपाट मात्र अडलं असतं, आणि तेही लग्नाच्या दुपारी, गरम जेवणासकट. केटररला त्याच दिवशी कळवलं आणि त्याने हातात उचलायच्या उष्णतारोधक पेट्या आणायचं मान्य केलं. फाटक सगळेच मोजतात. तिथून कामाच्या जागेपर्यंतची पूर्ण वाट मोजायची असते, आणि ती सामानाच्या उंचीवर मोजायची असते.

मंडपाचं गणित असं बसलं. गोल टेबलांवर बसून जेवायला माणशी साधारण १.१ ते १.४ चौरस मीटर जागा लागते. १.३५ धरले तर ८० जणांना १०८ चौरस मीटर, म्हणजे ९ बाय १२ मीटरचा मंडप. दीड मीटर व्यासाच्या टेबलाला ८ जण आरामात बसतात, तेव्हा टेबलं १०. दोन टेबलांच्या मध्यबिंदूंत ३ मीटर अंतर ठेवलं की दोन्हीकडे खुर्च्या ओढूनही मधे अर्धा मीटर वाट राहते. ९ बाय १२ मध्ये अशा १२ जागा बसतात. दहांवर टेबलं, एकात साउंड, आणि एक मुद्दाम मोकळी ठेवली. जेवणाची मांडणी या मंडपात बसत नव्हती, म्हणून तिच्यासाठी ३ बाय ६ मीटरचा वेगळा छोटा मंडप लागला, आणि टेबल असं लावलं की दोन्ही बाजूंनी रांगा चालतील. एकाच रांगेत ८० माणसं उभी केली की शेवटच्या माणसाची पाळी येईपर्यंत पहिल्याचं जेवण झालेलं असतं.

मंडपाच्या खुंट्या जवळपास एक मीटर जमिनीत जातात. खाली पाण्याची पाइपलाइन, विजेची केबल, गॅसची नळी किंवा सेप्टिक टाकीची झाकणं असू शकतात. इथे झाडांना पाणी देणारी पाइपलाइन बरोबर मंडपाच्या एका कडेखालून जात होती. मंडप दीड मीटर सरकवला आणि पाइपची रेघ चुन्याने आखली. खुंट्यांऐवजी वजनं लावायची असतील तर किती, हे मंडपाच्या उत्पादकाच्या तक्त्यावरून ठरतं. वाऱ्याच्या ज्या वेगाला मंडप रिकामा करायचा तो आकडाही तिथेच मिळतो आणि तो मंडपवाल्याकडून लेखी घ्यावा. विजा चमकू लागल्या तर मंडप हा आसरा नाही. पाहुण्यांना घरात किंवा बंद गाड्यांत न्यायचं, आणि शेवटचा गडगडाट ऐकल्यापासून ३० मिनिटं बाहेर यायचं नाही.

विजेकडे वळू. २३० व्होल्टच्या पुरवठ्यावर १६ अ‍ॅम्पिअरचं सर्किट कागदावर ३,६८० वॅट देतं. पण तासन्‌तास चालणारा भार ८० टक्क्यांच्या आत ठेवावा, म्हणजे सुमारे २,९४० वॅट. केटररचा पाणी तापवायचा बॉयलर एकटाच २,५०० वॅटचा. जेवण गरम ठेवणारे दोन ट्रे मिळून २,०००, साउंड १,०००, पंखे ६००, फ्रिज ४००, दिवे ३००. बेरीज ६,८०० वॅट. घराच्या बाहेरच्या दोन प्लगवर हे चालणार नाही हे उघड होतं. जनरेटर घेतानाही घाई नको. १० केव्हीएचा (केव्हीए हे जनरेटरच्या क्षमतेचं माप) जनरेटर ०.८ पॉवर फॅक्टरने, म्हणजे त्यातला ८० टक्के भागच प्रत्यक्ष वापरता येतो असं धरून, ८ किलोवॅट देतो, म्हणजे तो ८५ टक्के भारावर चालेल आणि फ्रिजची मोटर सुरू होताना जो क्षणिक झटका बसतो त्याला जागाच उरणार नाही. म्हणून १५ केव्हीए. तो घरापासून आणि मंडपापासून जितका लांब नेता येईल तितका न्यायचा, खिडक्यांखाली नाही, वारा मंडपाकडे वाहतो त्या बाजूला नाही, आणि गॅरेजमध्ये तर कधीच नाही, दार उघडं असलं तरीही. त्याच्या धुरातल्या कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो आणि त्याने माणसं मरतात. साउंडला बॉयलर आणि फ्रिजपासून वेगळी लाइन दिली, नाहीतर स्पीकरमध्ये घरघर येते. केबलची रीळ पूर्ण उलगडायची. गुंडाळलेल्या रिळेतून मोठा भार नेला तर ती तापून वितळते. ओल्या गवतावर जाणाऱ्या प्रत्येक लाइनला ३० मिलिअ‍ॅम्पिअरचं गळती-संरक्षण (वीज गळताच पुरवठा तोडणारं साधन) हवं.

याच फेरीत मदतनिसाने घरातला प्रत्येक एमसीबी (भार वाढला की आपोआप पडणारा खटका) एकेक करून बंद केला आणि कोणत्यावर काय आहे ते टेपवर लिहून चिकटवलं. ओटीवरचा प्लग आणि तळमजल्यावरच्या बाथरूमचा दिवा एकाच एमसीबीवर निघाले. पंधरा मिनिटांचं हे काम पुढे उपयोगी पडलं.

घरात संडास दोन, त्यातला एक वधूच्या खोलीला लागून, म्हणजे पाहुण्यांना एकच. पाच-सहा तासांच्या कार्यक्रमाला ४०-५० जणांमागे एक हे किमान प्रमाण, शिवाय कामाची १५ माणसं. दोन फिरते संडास मागवले. त्याला दुसरंही कारण होतं : चार माणसांच्या घरासाठी बांधलेली सेप्टिक टाकी एका संध्याकाळी ९५ माणसांचं पाणी घेत नाही. ती भर मेजवानीत तुंबते.

गाड्यांचा हिशेब सरळ आहे. एका गाडीत सरासरी अडीच माणसं धरली तर ३२ गाड्या. घरासमोर शेजाऱ्यांची फाटकं आणि रुग्णवाहिकेची वाट सोडून १४ गाड्या मावत होत्या. उरलेल्या १८ गाड्यांतली ४५ माणसं जवळच्या मैदानातून १२ आसनी गाडीने आणायची. चार फेऱ्या, जाऊन-येऊन प्रत्येकी ८ मिनिटं, एकूण ३२. म्हणून पत्रिकेवर येण्याची वेळ ४.३० ऐवजी ४.१५ छापली. शेजाऱ्यांना दोन आठवडे आधी चिठ्ठी दिली : गाड्या कधी येतील, संगीत कधी थांबेल, आणि त्रास झाला तर फोन कुणाला करायचा. त्यावर नंबर कोऑर्डिनेटरचा होता, घरच्यांचा नाही.

खुर्च्यांचा पेच

हा मुद्दा अंगणातल्या जवळपास प्रत्येक लग्नात नजरेतून सुटतो. खुर्च्या ८० मागवल्या होत्या. विधीला गवतावर ८० लागणार आणि जेवणाला मंडपात त्याच ८०. म्हणजे विधी संपताच सगळ्या खुर्च्या मंडपात हलवायच्या. चार माणसं, एका वेळी प्रत्येकी दोन खुर्च्या, दहा फेऱ्या, एका फेरीला दोन मिनिटं : वीस मिनिटं. पण ही चार माणसं कोण? केटररची माणसं त्या वेळी सरबत देत असतात, कोऑर्डिनेटरच्या करारात उचलणं नाही, आणि मंडपवाला आदल्या दिवशीच निघून गेलेला. ‘मुलं करतील’ असं घरचे म्हणाले. त्यावर कोऑर्डिनेटरनी चार नावं मागितली, नावासमोर फोन नंबर लिहिले आणि त्या चौघांना आदल्या दिवशी एक चक्कर मारून दाखवली. चौघांनाही घरच्यांच्या फोटोतून पहिल्या दहा मिनिटांत मोकळं करायचं ठरलं. जास्तीच्या ८० खुर्च्या भाड्याने घेणं हा दुसरा मार्ग, आणि बजेटमध्ये बसत असेल तर तोच बरा.

वेळापत्रक

वेळापत्रक मागून पुढे लिहिलं. मेकअप करणारी एक, तयार होणाऱ्या पाच. वधूला दीड तास, बाकी चौघींना ४० मिनिटं, एकूण ४ तास १० मिनिटं. फोटोसाठी साडेतीनला तयार व्हायचं तर सुरुवात ११ ला, २० मिनिटं हाताशी. विधी ५ ते ५.३५. घरच्यांचे फोटो ५.४० ते ६.१०, गट दहा, प्रत्येकी तीन मिनिटं, आणि प्रत्येक गटातली नावं आधीच लिहिलेली. त्यानंतर जोडप्याचे फोटो सूर्यास्ताआधीच्या उजेडात. जेवण ६.४५. वाटेवरचे दिवे ६.३० ला लावायचे, अंधार पडल्यावर नाही.

प्रत्येकाला पूर्ण वेळापत्रक देऊ नये. साउंडवाल्याला त्याच्या बारा ओळी पुरतात. पूर्ण प्रत कोऑर्डिनेटर, मदतनीस आणि फोटोग्राफर या तिघांकडेच होती, म्हणून शेवटच्या क्षणी बदल झाला तेव्हा जुन्या प्रती हातोहात फिरत राहिल्या नाहीत.

प्रत्यक्ष दिवस

पावसाचा निर्णय दुपारी २ ला घ्यायचा हे आधीच लिहिलेलं होतं. दोनला आकाश अर्धवट भरलेलं, अंदाजात ४ ते ६ मध्ये सरींची शक्यता. वडिलांचं म्हणणं, “ताई, चारपर्यंत थांबू या की.” कोऑर्डिनेटरनी वधूला विचारलं, तिने मान हलवली, आणि सव्वादोनला विधी मंडपात हलवला. पाहुणे थेट टेबलांवर बसणार, मधल्या वाटेतून वधू येणार. प्रत्यक्षात पावणेपाचला फक्त दहा मिनिटं भुरभुर आली आणि काही नातेवाईक म्हणाले की उगाच घाई केली. निर्णय तरीही योग्य होता. साउंड हलवायला अर्धा तास, खुर्च्यांना वीस मिनिटं आणि त्या पुसायला आणखी दहा, म्हणजे तासभर लागतो. चारला ठरवलं असतं तर पाहुणे हातात छत्र्या घेऊन ही हलवाहलवी बघत उभे राहिले असते. निर्णय कसा होता हे दोन वाजता जे माहीत होतं त्यावरून ठरवायचं. विधी मंडपातच झाल्यामुळे खुर्च्यांची वाहतूकही वाचली आणि चारही मुलं मोकळी झाली. त्यांतल्या दोघांना लगेच फाटकापासून मंडपापर्यंत ओल्या वाटेवर पायपुसणी अंथरायला लावलं.

५.५५ ला फोटोचा सहावा गट अडला, कारण वधूचे मामा सापडेनात. ते साउंडवाल्याजवळ उभे राहून भाषणं जेवणाआधी घ्यायला सांगत होते. साउंडवाला तयारही झाला होता, कारण घरच्या मोठ्या माणसाला नाही कसं म्हणायचं? इथे उणीव राहून गेली होती : ‘क्रम फक्त कोऑर्डिनेटर बदलतील’ ही ओळ साउंडवाल्याच्या कागदावर नव्हती. कोऑर्डिनेटरनी मामांना ‘नाही’ म्हटलं नाही. “मामा, फोटोत तुमची वाट बघतायत, भाषणाचं मी तुमच्याशी बोलून घेते,” म्हणून त्यांना फोटोकडे नेलं, आणि जेवणानंतरच्या भाषणांत पहिलं नाव त्यांचं घातलं. फोटो नऊ मिनिटांनी लांबले. ती नऊ मिनिटं जेवणाआधीच्या मोकळ्या वेळातून गेली, जोडप्याच्या फोटोंतून नाही.

६.२० ला तळमजल्यावरच्या बाथरूममध्ये अंधार झाला. केटररच्या मुलाने जास्तीचं पाणी तापवायला दुसरी मोठी किटली ओटीवरच्या प्लगला लावली होती. त्याच प्लगवर आधीच एक गरम ट्रे होता, तोही कुणीतरी जवळ पडतो म्हणून जनरेटरवरून हलवलेला. एमसीबीवरची चिठ्ठी वाचून मदतनिसाने कारण लगेच ओळखलं, दोन्ही वस्तू जनरेटरच्या बोर्डवर नेल्या आणि मग एमसीबी वर केला. चार मिनिटं गेली. पाहणीच्या दिवशी त्या प्लगवर लाल टेप मारून झाकला असता तर ही चार मिनिटंही गेली नसती. घरातले जे प्लग वापरायचे नाहीत ते बंद करणं हे काम आता अशा यादीत कायम असायला हवं.

बाकी दिवस वेळेवर चालला, त्यावर लिहिण्यासारखं फारसं नाही. कामाच्या १५ माणसांची जेवणं ७.१५ ला, पाहुणे जेवत असतानाच लागली, आणि ती लागायलाच हवीत. फोटोग्राफर भाषणांच्या वेळी उपाशी असला की तो जेवायला जातो आणि नेमकं तेव्हाच काहीतरी घडतं.

आवराआवर आणि परतीचं सामान

१० ला संगीत थांबलं, शेवटची गाडी १०.२५ ला गेली. पुढचा तास कोऑर्डिनेटरच्या करारातला सर्वात कमी दिसणारा आणि सर्वात उपयोगी भाग. आधी भेटवस्तू, पाकिटं आणि वधूचं सामान एका कुलपाच्या खोलीत, त्याची किल्ली वधूच्या आईकडे. मग ताटं खरवडून क्रेटमध्ये, कारण भाड्याची भांडी धुऊन द्यायची की फक्त खरवडून, हे करारात लिहिलेलं असतं आणि न पाळल्यास त्याचे वेगळे पैसे लागतात. टेबलक्लॉथ पावसाने ओलसर झाले होते. ते प्लास्टिकच्या पिशवीत कोंबले की एका रात्रीत बुरशीचे काळे ठिपके पडतात आणि पूर्ण किंमत भरावी लागते, म्हणून ते खुर्च्यांच्या पाठींवर पसरून ठेवले. जनरेटर बंद करण्याआधी वाटेचे दिवे घराच्या लाइनवर घेतले, नाहीतर उरलेली माणसं अंधारात केबलींना अडखळतात.

सामान न्यायला गाडी दुसऱ्या दिवशी सकाळी ९ ला येणार होती, आणि तेव्हा कोऑर्डिनेटर नसणार. म्हणून रात्री निघण्यापूर्वी त्यांनी सामान आलं तेव्हाच्या पावतीवरच परतीचा रकाना भरला : खुर्च्या ८०, टेबलं १०, क्लॉथ १०, दिव्यांच्या माळा ६, प्रत्येक ढिगाचा फोटो, वेळ दिसेल असा. एक खुर्ची उतरवतानाच पायातून तडकलेली होती. तिचा आदल्या दिवशीचा फोटो आणि मंडपवाल्याच्या माणसाची सही त्याच पावतीवर असल्याने अनामत रकमेतून तिचे पैसे कापले गेले नाहीत. सकाळसाठी वडिलांच्या हातात तीन ओळींचा कागद दिला : गाडी सेप्टिक टाकीच्या बाजूने आत घेऊ देऊ नये, सामान मोजल्याशिवाय सही करू नये, फिरते संडास नेणारी गाडी ११ ला येईल तोवर फाटकासमोर कुणाची गाडी लावू देऊ नये.